वाचक विचारतात : वाळूचं चित्र आणि तांदळाचा चौक

गेल्या अंकात नावाहो लोकांच्या वाळूच्या चित्रांवर एक टिपण आलं होतं. अमेरिकेच्या नैर्ऋत्येला ॲरिझोना, न्यू मेक्सिको आणि युटाह या राज्यांत पसरलेल्या प्रदेशात हे लोक राहतात. स्वतःला ते दिने म्हणवतात. आजारी किंवा मनाची घडी विस्कटलेल्या माणसासाठी ते घराच्या जमिनीवर रंगीत वाळूने देवतांचं चित्र काढतात, त्यावर त्या माणसाला बसवतात आणि त्याच दिवशी चित्र मोडून टाकतात. त्यावर नाशिक शहरातून आणि पेठ-हरसूल पट्ट्यातून पत्रं आली. एकसारखे प्रश्न एकत्र करून उत्तरं देत आहोत.

आठवी-नववीच्या मुलांकडून शाळेच्या प्रदर्शनासाठी वाळूचं चित्र करून घ्यायचं आहे. साहित्य आणि पद्धत सांगाल का? इंटरनेटवर मिळणाऱ्या देवतांच्या आकृत्या घेतल्या तर चालतील ना?
– चित्रकला शिक्षिका, नाशिक रोड

दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर आधी : देवता नकोत. नावाहो कथांप्रमाणे ही चित्रं पवित्र लोकांनी, म्हणजे त्यांच्या देवतांनी, माणसाला दाखवली, पण कायमची उतरवून घ्यायला मनाई केली. आज बाजारात फळीवर चिकटवलेली जी चित्रं विकायला असतात, त्यांत बनवणारे नावाहो कलाकार बहुधा मुद्दाम काहीतरी बदलतात; एखादा रंग फिरवतात, एखादी आकृती गाळतात. विधीतलं चित्र जसंच्या तसं बाहेर जाऊ नये म्हणून ही काळजी. ते स्वतः एवढं जपतात, तिथे आपण प्रदर्शनासाठी नक्कल मारायची हे बरं दिसत नाही. हात चालवायची रीत मात्र खुशाल शिकवा. विषय आपले घ्या : मक्याचं ताट, नागलीचं कणीस, ब्रह्मगिरी, पाऊस.

त्यांची रीत अशी. होगन म्हणजे त्यांचं पारंपरिक घर, दार पूर्वेला. आतल्या जमिनीवर फिकट वाळूचा थर पसरतात आणि मागावर वापरायच्या लाकडी पट्टीने तो सपाट करतात. मग अंगठा आणि तर्जनी यांच्या फटीतून रंगीत वाळू सोडत चित्र काढतात, मधून बाहेरच्या दिशेने. लांब सरळ रेघेसाठी दोरी ताणून धरतात. आकृती आधी एका रंगात पूर्ण भरतात आणि तिच्यावर कपडे, दागिने, पिसं एकावर एक चढवत जातात. त्यामुळे रेषेला किंचित उठाव येतो. फोटोत तो दिसत नाही. चूक झाली तर वाळू खरवडून काढत नाहीत, तेवढ्या जागेवर जमिनीच्या रंगाची वाळू टाकून झाकतात आणि पुन्हा काढतात. मुलांना ही युक्ती फार आवडते, कारण खोडरबराची भानगड नाही.

वर्गासाठी एक फूट बाय एक फूट आणि एक इंच काठाचा ट्रे घ्या. तळाला अर्धा इंच थर द्यायला दोन किलो चाळलेली वाळू पुरते. रंग प्रत्येकी १०० ते १५० ग्रॅम. दाणा बारीक रव्याएवढा हवा. मैद्यासारखी पूड बोटांना चिकटते, फुंकर लागली की उडते आणि तिची कडा धूसर येते. पांढऱ्यासाठी शिरगोळ्याची रवाळ रांगोळी. लालसाठी विटांचा चाळलेला चुरा, पिवळ्यासाठी पिवळी माती. तिकडे या रंगांसाठी वालुकाश्म, जिप्सम आणि गेरूसारखे खनिज दगड कुटतात. आपल्याकडे सगळा काळा कातळ, त्यामुळे लाल-पिवळा दगड शोधत फिरू नका. काळ्यासाठी नुसती कोळशाची पूड घेतलीत तर हमखास फसेल. ती इतकी हलकी असते की बोटांतून सरळ खाली पडतच नाही. नावाहोसुद्धा कोळशात वाळू मिसळतात. ते 'निळा' म्हणून जो रंग वापरतात, तो बहुतेक वेळा कोळसा आणि पांढरी पूड मिळून होणारा निळसर करडा असतो. पांढऱ्याशेजारी तो करडा दिसतो आणि पिवळ्याशेजारी ठेवला की निळा वाटू लागतो. मुलांना हे प्रत्यक्ष करून दाखवा. रंगसंगतीचा एक तास त्यात निघून जाईल.

हाताची गोष्ट. वाळू मुठीत घ्या, तर्जनी वाकवून पन्हळ करा, अंगठ्याने धार कमी-जास्त करा. बोट पृष्ठभागापासून अर्धा-पाऊण इंचावर ठेवा. त्याहून वर गेलं की दाणे उसळतात आणि रेघ फाटते. घामेजलेल्या हातात वाळूच्या गुठळ्या होतात, म्हणून हात पुसायला सुती फडकं शेजारी असू द्या. श्रावणातल्या दमट हवेत रांगोळी ओली होते; आदल्या दिवशी तव्यावर किंचित शेकून घ्या. पंखे बंद. वाळू किंवा वीट वर्गात कुटू नका, ती धूळ छातीला वाईट. कुटायचं-चाळायचं काम मोठ्यांनी बाहेर, धुळीचा मास्क लावून करावं.

प्रदर्शन आठवडाभर चालणार असेल तर फळीवर चिकटवा. नऊ मिलिमीटरची प्लाय घ्या आणि फेव्हिकॉलमध्ये निम्मं पाणी घालून एका वेळी एकाच रंगाच्या जागेला लावा. वाळू टाका, पाच मिनिटांनी फळी उभी करून जास्तीची झटका, पूर्ण सुकू द्या, मगच पुढचा रंग. घाई केली की लाल दाणे पांढऱ्यात शिरतात आणि ते मग निघता निघत नाहीत. डिंक जाड झाला तर वाळताना पापुद्रा धरतो, फार पातळ झाला तर टक्कल पडल्यासारखी जागा राहते.

एका जुन्या नावाहो घोंगडीच्या फोटोत चक्क स्वस्तिक पाहिलं. म्हणजे आपली संस्कृती तिथवर पोहोचली होती, असं म्हणता येईल का?
– निवृत्त बँक कर्मचारी, सिडको

नाही, तसं म्हणता येणार नाही. काटकोनात वळलेल्या चार हातांची ही आकृती जगात ठिकठिकाणी आपापली उगवली आहे. टोपली विणताना किंवा मागावर उभे-आडवे धागे घालताना ती हाताला सहज सापडते. सारखी दिसते म्हणून तिचं गोत्रही एकच, हे गृहीत धरून चालत नाही. तिच्यामागे कोणती गोष्ट आहे ते विचारावं लागतं, आणि इथे दोन्हीकडच्या गोष्टी साफ वेगळ्या आहेत.

नावाहोंची आकृती म्हणजे फिरते ओंडके. नाइटवे नावाचा नऊ रात्रींचा विधी आहे, त्यातली ही कथा. नायक एक ओंडका पोखरून त्यात बसतो आणि सॅन वान नदीतून वाहत निघतो. घरच्यांनी नको म्हटलेलं असतं, देवांनीही आधी अडवलेलं असतं. शेवटी तो अशा पाण्यापाशी पोहोचतो जिथे दोन ओंडके एकमेकांवर आडवे पडून गरगर फिरत आहेत आणि त्यांच्या टोकांवर देवता बसल्या आहेत. तिथे त्याला चित्रं आणि विधी शिकायला मिळतात. त्याची पाळलेली टर्की त्याच्यामागून आलेली असते. ती पंख झटकते आणि पिसांतून बियाणं खाली पडतं. त्यातून शेती उभी राहते.

आता चित्र बघा. मध्ये पाणी, त्यावर काळ्या ओंडक्यांची फुली. फुलीच्या चार कोनांतून चार पिकं वर आलेली : मका, घेवडा, भोपळा, तंबाखू. प्रत्येक टोकावर देवतांची एक जोडी, एक पुरुष आणि एक स्त्री. गोल डोकं पुरुषाचं, चौकोनी डोकं स्त्रीचं. या जोड्या टोकांवर आडव्या बसतात, म्हणून लांबून बघणाऱ्याला फुलीचे हात वळल्यासारखे भासतात. म्हणजे ज्याला आपण स्वस्तिकाचे वळलेले हात समजतो, ती तिथे माणसासारखी बसलेली दैवतं आहेत. सगळ्या चित्राला तीन बाजूंनी इंद्रधनुष्याची कड आणि पूर्वेची बाजू मोकळी.

आपलं स्वस्तिक उंबऱ्यावर, चोपडीवर, कलशाखाली काढतात. ते एखाद्या प्रसंगाचं चित्र नसतं, आरंभाची खूण असते. त्यांचं चिन्ह एका ठरावीक प्रवासातली ठरावीक जागा दाखवतं.

याला एक दुःखद शेपूट आहे. हिटलरच्या जर्मनीने ही आकृती झेंड्यावर चढवली आणि अमेरिकेत ती विणणाऱ्यांकडे लोक संशयाने बघू लागले. फेब्रुवारी १९४० मध्ये ॲरिझोनातल्या टूसॉन गावी नावाहो, होपी, अपाची आणि पापागो (आता तोहोनो ओओदाम) या जमातींच्या प्रतिनिधींनी घोंगड्या, टोपल्या आणि इतर वस्तूंवर ही आकृती न वापरण्याच्या जाहीरनाम्यावर सह्या केल्या. त्यामुळे अशी नक्षी असलेली घोंगडी बहुतेक १९४० च्या आधीची निघते. फोटोतली तुमची घोंगडीही बहुधा त्यातलीच.

त्यांच्या चार दिशांचे रंग कोणते? आपल्या वास्तुशास्त्राशी मेळ बसतो का?
– वाचक, गंगापूर रोड

पूर्व पांढरी, दक्षिण निळी, पश्चिम पिवळी, उत्तर काळी. पहाट, दिवस, संध्याकाळ, रात्र या क्रमाने लक्षात ठेवा, म्हणजे पाठ करावं लागत नाही. या प्रत्येक दिशेला एक डोंगर आणि एक मौल्यवान वस्तू आहे : पूर्वेला ब्लँका शिखर आणि पांढरा शिंपला, दक्षिणेला माउंट टेलर आणि फिरोजा, पश्चिमेला सॅन फ्रान्सिस्को शिखरं आणि इंद्रधनुषी चमकेचा ॲबलोनी शिंपला, उत्तरेला हेस्पेरस आणि जेट नावाचा काळा दगड. या चार डोंगरांच्या आतली भूमी ती त्यांची.

हे कोष्टक म्हणून भिंतीवर लावू नका. काही विधींत काळा रंग पूर्वेला येतो आणि पांढरा उत्तरेला जातो, कारण तिथे संरक्षण हा हेतू असतो. रंगाचा अर्थ त्या त्या विधीप्रमाणे लावायचा असतो. वास्तुशास्त्राशी मेळ घालायचा हट्ट धरला तर दोन्हीकडे ओढाताण होईल.

पाडव्याला गोदाघाटावर एवढी मोठी महारांगोळी काढतात आणि मग ती पायांखाली जाते, वाईट वाटतं. नावाहो तर चित्र स्वतःच मोडतात. एवढ्या मेहनतीनंतर असं का? 'सगळं नश्वर आहे' हे सांगायला का?
– वाचक, पंचवटी

नश्वरतेचा धडा तिबेटी बौद्ध भिक्षूंच्या वाळूच्या मंडलात आहे. ते धातूच्या निमुळत्या नळीतून दाणा-दाणा सोडत कित्येक दिवस मंडल भरतात, मग झाडून एकत्र करतात आणि वाहत्या पाण्यात सोडतात. नावाहो चित्रं बघून लोक हाच अर्थ तिथेही चिकटवतात. तो चुकीचा आहे. नावाहो चित्र मोडतात कारण त्याचं काम झालेलं असतं, आणि काम झालेलं चित्र तसंच ठेवणं धोक्याचं मानतात.

काम म्हणजे काय ते नेमकं बघू. साधारण सहा फूट बाय सहा फुटाचं चित्र तीन-चार माणसं मिळून काही तासांत पुरं करतात. वीस फुटांपर्यंतची चित्रंही असतात, त्यांना जास्त हात लागतात. विधी चालवणारा गायक बहुतेक वेळ देखरेख करतो, कारण सगळं त्याच्या पाठांतरावर उभं असतं. एकेक विधी शिकायला वर्षं जातात, त्यामुळे एका गायकाला मोजकेच विधी पूर्ण येतात. चित्रावर मक्याचं पीठ आणि पराग शिंपडतात. आजारी माणूस आत येतो आणि चित्रावर बसतो. गायक आपले ओले केलेले तळवे देवतेच्या पावलांवर टेकवतो आणि मग तेच तळवे त्या माणसाच्या पावलांवर. पुढे गुडघे, हात, खांदे, डोकं, असं खालून वर. वाळू खरोखर अंगाला लागते. देवतेचं बळ माणसात यायचं आणि माणसाची पीडा वाळूत उतरायची, असा हा व्यवहार. इतकं झाल्यावर चित्राच्या आकृत्या फिसकटलेल्याच असतात. उरलेलं चित्र गायक पिसं लावलेल्या काडीने, ज्या क्रमाने काढलं त्या क्रमाने पुसतो. वाळू गोळा करून घराबाहेर उत्तरेच्या बाजूला टाकतात. दिवसा काढलेलं चित्र सूर्यास्ताआधी, रात्री काढलेलं उजाडायच्या आत.

म्हणजे बोलावणं, कामाला लावणं आणि निरोप, हे तीन टप्पे. हे आपल्याला परकं वाटायचं कारण नाही. गोंधळात पाटावर खण घालून तांदळाचा किंवा गव्हाचा चौक मांडतात, त्यावर कलश. मग वणीच्या सप्तशृंगीपासून तुळजापूरच्या भवानीपर्यंत एकेका दैवताला नाव घेऊन 'गोंधळाला ये' म्हणतात. रात्रभर कथा चालते आणि आरती झाली की चौक उचलतात. तो चौक आठवडाभर दिवाणखान्यात मांडून ठेवा असं कुणी म्हणेल का? गणपतीची उत्तरपूजा झाल्यावर मूर्ती हलवतात, त्यातही हाच हिशेब आहे.

सगळ्यात जवळचं उदाहरण हवं असेल तर केरळातलं कळम बघा. भद्रकाली, अय्यप्पा, नाग यांची चित्रं जमिनीवर पाच रंगांच्या पुडींनी काढतात, तीही बोटांनीच. पांढरी तांदळाची पिठी, पिवळी हळद, हळदीत चुना कालवून लाल, पानांची पूड हिरवी आणि जळलेल्या भाताच्या तुसाची काळी. गाणी होतात, अंगात येतं, शेवटी चित्र पुसतात. इथे मात्र एक मोठा फरक पडतो. कळमची मिसळलेली पूड भक्तांना प्रसाद म्हणून वाटतात, नावाहोंची वाळू घराबाहेर टाकून देतात. एकीकडे वाळूने पीडा शोषून घेतली आहे, दुसरीकडे पुडीत देवीची कृपा उरली आहे. पुसण्याची क्रिया तीच असली तरी पुसल्यावर काय उरतं याचं उत्तर दोघांचं उलट आहे.

महारांगोळीचं म्हणाल तर ती या रांगेत बसत नाही. तिच्यात कुणाला बोलावलेलं नसतं. ती उत्सवाची शोभा आहे. पाय पडले तर दोष नाही आणि मुद्दाम पुसली तर पुण्यही नाही. काळजीच करायची तर रंगांच्या पाण्याची करा. घाट धुतला की ते नदीतच उतरतं. झाडून गोळा केलं तर ते वाचतं.

आमच्याकडे लग्नाचा चौक हल्ली बाजारातला पेंटर ॲक्रिलिकने काढून देतो. झटपट होतं, टिकतंही. पण म्हातारी माणसं म्हणतात, हा चौक नव्हे. नेमकं काय असायला हवं? आणि घरी काढायचा तर पिठाचा रंग नीट का बसत नाही?
– वारली कुटुंबातला वाचक, पेठ तालुका

म्हातारी माणसं बरोबर बोलतात, आणि त्यांचं भांडण फक्त रंगाशी नाही. चौक, म्हणजे लग्नघराच्या भिंतीवरचं चित्र, काढायचा सवाशिणींनी, धवलेरीच्या म्हणजे लग्न लावणाऱ्या बाईच्या गाण्यांच्या संगतीने. ती गाते आणि चित्र पुढे सरकतं. पेंटर एकटा येऊन तासाभरात काढून गेला की गाणं बाजूलाच राहतं. नावाहो गायकाला विचारलं असतं तर तोही हेच म्हणाला असता : गाण्याशिवाय काढलेली आकृती म्हणजे नुसती वाळू.

चौकात काय हवं? मध्ये पालघट, लग्नाची आणि सुफलतेची देवी. तिच्याभोवती चौकोन आणि त्याला साखळी, त्रिकोण अशा नक्षीच्या एकाआड एक पट्ट्या. सूर्य आणि चंद्र. फणी, शिडी, बाशिंग. शेजारच्या लहान देवचौकात घोड्यावरचा पंचशिऱ्या, म्हणजे पाच डोक्यांचा देव. नवरा-नवरी घोड्यावर, वाजंत्री, नाचणारी माणसं, झाडं, जनावरं हे सगळं चौकोनाबाहेर, भिंतीवर, जागा असेल तेवढं. पेंटर लोक एक चूक हमखास करतात : तारपा या फुंकून वाजवायच्या वाद्यावरच्या नाचाचा गोल मधोमध टाकतात, कारण शहरातल्या गिऱ्हाइकाला तोच माहीत असतो. तारपा सुगीचा. पालघटाची जागा त्याला देऊ नका.

वारली चित्र बाजारात आलं ते १९७० च्या दशकात, कागदावर आणि कापडावर. डहाणू तालुक्यातले चित्रकार जिव्या सोमा म्हसे यांनी ते जगभर नेलं. २०११ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली, २०१८ मध्ये ते गेले. सत्तरच्या दशकापासून कागदावर काढणारे हात पुरुषांचेही आहेत आणि त्यात काही गैर नाही. कागदावर नेहमीचं जगणं काढतात, विकतात. लग्नाच्या भिंतीचं काम वेगळं. दोन्ही कामं एकाच डब्यातल्या रंगाने उरकायला गेलं की घोळ होतो.

आता पिठाचं. पाव किलो तांदूळ सात-आठ तास भिजवा, पाट्यावर किंवा मिक्सरमध्ये गंधासारखे वाटा, सुती कापडातून गाळा. साईच्या दुधाएवढं दाट ठेवा. बांबूच्या काडीचं टोक चावून तंतू मोकळे केले की कुंचला तयार. ठिपके आणि बारीक रेघांसाठी एक वेगळी, न चावलेली काडी ठेवा.

बसत नाही त्याची कारणं बहुधा तीन. पहिलं म्हणजे भिंत. शेणामातीने सारवून गेरू दिलेली भिंत पीठ शोषते. ऑइलपेंट किंवा गुळगुळीत सिमेंटवर ते वरच राहतं आणि वाळल्यावर पापड सुटल्यासारखं गळतं. घर सिमेंटचं असेल तर तेवढ्या जागेपुरता सारवलेला कुड किंवा बांबूची चटई उभी करा. जाड कापडाला शेण-गेरू लावूनही भागतं. गेरू दिल्यावर एक पूर्ण दिवस वाळू द्या. ओल्या गेरूवर रेघ ओढली की लाल वर येतो आणि पांढरं गुलाबी होतं. दुसरं कारण घाई. ओलं पीठ भिंतीवर फिकट, जवळजवळ अदृश्य दिसतं. 'उठलं नाही' म्हणून लोक त्यावर दुसरा हात देतात, तिसरा देतात. पंधरा-वीस मिनिटं थांबलं तर पहिलाच हात पांढराफेक वर येतो. जाड झालेला थर वाळताना तडकतो आणि मग दोष पिठाला. तिसरं, शिळं पीठ. वैशाखाच्या उन्हात सकाळचं पीठ संध्याकाळपर्यंत आंबतं, त्याला वास येतो आणि ते भिंतीला धरत नाही. लागेल तेवढंच वाटा. डिंक कागदासाठी ठीक. सारवलेल्या भिंतीवर त्याची गरज नसते.

आणि टिकण्याचं म्हणाल, तर चौक एका लग्नाचा असतो. पुढच्या पावसाळ्यात बुरशी धरली, मुंग्यांनी दाणा-दाणा नेला, तर बिघडलं काय? पुढच्या लग्नाला भिंत नव्याने सारवायचीच आहे.

बोहाड्यात, म्हणजे गावच्या मुखवट्यांच्या उत्सवात, सोंग घेतलेल्याला आम्ही देव समजून पाया पडतो. आत कोण आहे हे पोरांना सांगायचं नाही, असा दंडक होता. आता मोबाइलमुळे सगळं उघडं पडतं. नावाहोंकडे मुखवट्याचे देव असतात का? मुलांना ते काय सांगतात?
– वाचक, हरसूल

असतात, नाइटवेमध्येच. मुखवटे हरणाच्या कातड्याचे, आणि ते हरीण शस्त्राची जखम न होता मिळवलेलं असावं लागतं. सगळ्यांच्या पुढे चालणारा बोलका देव म्हणून ओळखला जातो, पण तो माणसासारखं बोलत नाही, फक्त ठरावीक हुंकार देतो. विधी पहिल्या कडाक्याच्या थंडीनंतरच करतात, जेव्हा साप बिळात आणि अस्वल गुहेत असतं, ढगांचा गडगडाट थांबलेला असतो. आपला बोहाडा होळीनंतरच्या उन्हात, त्यांचा हिवाळ्यात.

मुलांच्या बाबतीत त्यांनी काढलेली तोड विचार करण्यासारखी आहे. ते गुपित कायमचं झाकून ठेवत नाहीत. ठरावीक वयात विधीपूर्वक उघडतात. नाइटवेच्या एका रात्री मुलामुलींना बसवतात. मुखवटेधारी देव येतात, मुलग्यांना युक्का या घायपातासारख्या झाडाच्या पात्यांनी फटका देतात, मुलींना मक्याची कणसं टेकवतात. मग देव मुखवटे काढतात आणि समोर ओळखीची माणसं दिसतात. पुढे प्रत्येक मुलाच्या चेहऱ्यावर मुखवटा ठेवून त्याच्या डोळ्यांच्या भोकांतून बाहेर बघायला लावतात. बाहेर कुणाला सांगायचं नाही, अशी ताकीद देतात. यानंतर मूल मुखवट्यासमोर उभं राहतं ते आत माणूस आहे हे माहीत असून.

तुमच्या गावात हेच करा असं आम्ही सुचवत नाही. बोहाड्याचे नियम बोहाडा करणाऱ्यांनी ठरवावेत. पण मोबाइलचा प्रश्न तिथेही आहे आणि त्यावर त्यांचं उत्तर सरळ आहे : नाइटवेच्या ठिकाणी फोटो काढू देत नाहीत. गावाने ठरवलं तर सोंग सजवायच्या घरात, निदान तेवढ्या जागेत, मोबाइल बंद ठेवणं अवघड नाही.

मुलाने अमेरिकेहून नावाहो गालिचा आणला आहे. त्याच्या वरच्या उजव्या कोपऱ्यात कड तोडून एक बारीक फिकट रेघ बाहेर गेली आहे. हा विणीतला दोष आहे का? दुकानदाराने फसवलं असेल का?
– वाचक, कॉलेज रोड

दोष नाही. चारी बाजूंनी कड असलेल्या गालिच्यात काही विणकर बायका आतल्या रंगाचा एक धागा मुद्दाम कडेतून बाहेर काढतात. विणताना ओतलेलं मन आत अडकून पडू नये, त्याला वाट राहावी, हा समज. त्यांच्या विधीच्या टोपलीतलं लाल कडंही असंच एका जागी तुटलेलं असतं आणि ती फट पूर्वेकडे करून टोपली ठेवतात. मात्र रेघ नसली म्हणजे गालिचा खोटा, असं नव्हे. कड नसलेल्या नक्षीत ती असण्याचा प्रश्नच येत नाही आणि कड असली तरी सगळ्याच बायका काढत नाहीत.

खरेपणा दुसरीकडे तपासा. उलटसुलट दोन्ही बाजूंना नक्षी सारखीच स्पष्ट हवी. उभा ताणा अखंड असतो, म्हणून टोकाला कापलेल्या धाग्यांची झालर नसते; झालर दिसली तर शंका घ्या. पावती जपून ठेवा. अमेरिकेत १९९० च्या कायद्याने दुसऱ्याचा माल आदिवासींनी केलेला म्हणून विकणं गुन्हा आहे, त्यामुळे दुकानदाराने पावतीवर 'नावाहो' लिहून दिलं असेल तर त्याला जबाबदारी टाळता येत नाही.

घरात सांभाळताना एवढं करा : लोकर आहे, मशीनमध्ये टाकू नका, रंग फुटतील आणि गालिचा आटेल. झाडताना आपटू नका, ताणा तुटतो. नाशिकच्या पावसाळ्यात भिंतीला चिकटवून टांगला तर मागून ओल धरतो, मध्ये बोटभर फट ठेवा. कसर लागू नये म्हणून दोन-तीन महिन्यांनी दोन्ही बाजूंनी मऊ ब्रशने झाडून तासभर सावलीत वारा द्या.